माती निजवणे

कुरोतानी-सान लोहगावला उतरले
तेव्हा हातात एक गवंड्याची करणी,
कस्टमवाल्यांनी तीनदा उलटीपालटी केलेली.
बाकी सामान नव्हतंच म्हणा.

मी चाकणची दुभाषी.
रोज गिअरबॉक्स जपानीतून मराठीत आणते,
दोन शतांश मिलिमीटरची चूक
दोन्ही भाषांत सारख्याच शरमेनं सांगते.
रत्नपारखींचा फोन आला : आठवडाभर या,
बावधनला चहाची खोली बांधायचीय,
माणूस मोठा आहे, पण जरा...
तो पुढचा शब्द त्यांनीच गिळला,
मला गाळावा लागला नाही.

पहिल्या दिवशी नकाशा मागितला
तर खिशातून रताळं निघालं,
चार काड्या टोचलेलं, एका बाजूला कललेलं.
महापालिकेच्या अर्जात भिंतीचा प्रकार :
वीट, काँक्रीट, इतर.
मी 'इतर'वर खूण केली
आणि 'तपशील द्या' पाशी
पेन धरून बसून राहिले.

मग ताम्हिणीच्या अलीकडे, धनगरपाड्यावर,
ठकूबाई मरगळ्यांच्या घराचा कूड.
कारवी उभी, कारवी आडवी, वर माती, वर शेण.
ह्यांनी भिंतीला आधी नाक लावलं, मग कान.
"ह्यो डाक्टर हाय का?"
मी विचारलं.
"पेशंट," म्हणाले.

ठकूबाई एसटीनं आल्या, कोयता पिशवीत गुंडाळून.
खड्डा, तांबडी माती, भाताचा पेंढा, पाणी.
मलाही साडी खोचून आत उतरवलं,
बोटांच्या बेचक्यांतून गार चिखल वर येत होता.
आता हिला निजवायची, कुरोतानी-सान म्हणाले,
दोन महिने.
त्यांच्याकडे मातीला तेच क्रियापद आहे, बाळाचं.
मी तसंच सांगितलं.
"निजवायची न्हाय गं. मुरवायची.
निजवत्यात पोराला."

आता मुरवणे कसं नेऊ पलीकडे?
त्यात लिंबाचं लोणचं आहे,
जमिनीत शिरलेलं पाणी आहे,
तीस वर्षं एकाच टेबलावर बसलेला हेडक्लार्क आहे.
मी तोंड उघडेपर्यंत
दोघांनी एकेक बोट चिखलात घालून
हुंगून पाहिलं होतं.
"हं."
"हं."
त्याचं भाषांतर मला करावं लागलं नाही.
त्या दिवसाचे पैसे मी तरीही घेतले.

रत्नपारखी रंगांचं कॅटलॉग घेऊन आले,
मातीसारखं दिसणारं, धुता येणारं, दहा वर्षांची हमी.
कुरोतानी-साननी पानन् पान अदबीनं उलटलं
आणि विचारलं, यातल्या कशाला वास येतो?
ठकूबाईंनी ते परांचीच्या आखूड पायाखाली सरकवलं.
चपखल बसलं.

भांडण झालं ते दारावरून.
त्यांना दार गुडघ्याएवढं हवं,
आत शिरताना माणूस लहान झाला पाहिजे.
ठकूबाई कोयता खाली ठेवून म्हणाल्या,
"म्हातारं माणूस कसं शिरंल?
आन् ज्यो आधीच वाकून आलाय, त्येनं काय करायचं?
आमच्या गोठ्याचं दार बी मोठं हाय."
मी सगळं सांगितलं. गोठ्यासकट.
ते त्या दिवशी परत बोलले नाहीत,
रताळं हातात फिरवत राहिले.
सकाळी पाहिलं तर चौकट उचललेली,
चार बोटं.
ठकूबाईंनी हात लावून मोजली.
"बघा, कंजूष," म्हणाल्या,
पण शेवटचा लेप त्यांनीच दिला
आणि दुसऱ्या कोणाला देऊ दिला नाही.

आता पुन्हा चाकण.
मीटिंग सुरू आहे, एसी खडखडतोय.
ओसाकाचे साहेब विचारतात, निर्णय कधी?
आमचे प्लँटहेड म्हणतात, "बघू."
मी अर्धा क्षण थांबते.
उजव्या अंगठ्याच्या नखात अजून
तांबडी रेघ आहे.
आणि मी त्यांना जपानीत सांगते :
निजवलंय, साहेब.

ते वहीत काहीतरी लिहून घेतात
आणि पहिल्यांदाच
घड्याळ बघत नाहीत.